मट्टूसाहेब, मुक्काम पोस्ट चाकण

आमच्या कंपनीत नव्याने लागलेल्या माणसाची पहिल्या आठवड्यात एकदा तरी फजिती व्हायचीच, आणि ती व्हायची मट्टूसाहेबांमुळे. माणूस सहा फुटांच्या आसपास, गोरा म्हणजे उन्हात तांबडा होणारा गोरा, आणि नाक असं की समोरून येताना आधी नाक दिसावं. टूलरूमच्या, म्हणजे साचे आणि हत्यारं बनवायच्या विभागाच्या, दारात हा मनुष्य उभा बघितला की नव्या पोरांना वाटायचं, जर्मनीहून कस्टमर आलाय. मग ते शर्ट नीट खोचून, घसा साफ करून 'गुड मॉर्निंग सर' म्हणायचे. मट्टूसाहेब त्यांच्याकडे वरून खाली बघायचे आणि म्हणायचे, "मॉर्निंग ऱ्हाऊ द्या. न्ह्यारी केली का न्हाई?"

दुसऱ्याला हसायला मला तोंड नाही. मी एचआरमध्ये लागले तेव्हा मी तर त्यांना चक्क पाहुण्यांचं पांढरं हेल्मेट आणि गार पाण्याची बाटली नेऊन दिली होती, आणि वर शाळेत पाठ केलेल्या इंग्रजीत दोन मिनिटं स्वागतही केलं होतं. त्यांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं, पाणी पिऊन टाकलं, हेल्मेट उलटसुलट करून बघितलं आणि म्हणाले, "आमचं पिवळं आसतंय ताई. पर असू द्या, ह्ये बी चांगलं हाय." मी जी तिथून पळाले ती थेट कँटीनच्या मागे. पुढे अठरा वर्षं आम्ही एकाच शेडखाली काढली, आणि त्यातल्या एकाही वर्षी त्यांनी मला त्या हेल्मेटची आठवण करून द्यायचं सोडलं नाही.

काश्मिरी पंडित माणूस आणि बोलणं सगळं खेड-मावळचं, ह्याचं कारण हौसाबाई. आकुर्डीच्या कॉलेजात इंजिनियर होऊन मट्टूसाहेबांना चाकणला पहिली नोकरी लागली तेव्हा त्यांनी गावठाणात हौसाबाईंच्या घरातली वरची खोली भाड्याने घेतली. तोवरचा सगळा काळ होस्टेलच्या हिंदीत गेलेला. हौसाबाईंना हिंदीचा एक शब्द येत नव्हता आणि गप्प बसणंही येत नव्हतं. त्यामुळे मराठी शिकण्यावाचून गत्यंतर नव्हतं, असं ते म्हणायचे.

पहिलीच दिवाळी आली. आजूबाजूच्या खोल्यांतली नोकरीवाली पोरं पिशव्या भरून गावाकडे गेली. हे एकटेच वर. हौसाबाई जिन्यात येऊन म्हणाल्या, "पावनं, समदी पोरं गावाला गेली. तुमी कसं न्हाई गेला?"

"गाव नाही," हे म्हणाले.

"गाव न्हाई म्हंजी? माणसाला गाव नसतंय व्हय?"

"होतं. आता गेलं. घर गेलं, सगळे लोक निघाले."

हौसाबाईंनी पदर तोंडाला लावला. "धरनात गेलं व्हय?"

धरण म्हणजे काय ते ह्यांना तेव्हा माहीत नव्हतं. 'गेलं' तेवढं कळलं. म्हणाले, "हो. गेलं."

"आमचंबी गेलं रं बाबा," म्हणून हौसाबाई तिथेच पायरीवर बसल्या आणि रडल्या. त्यांचं माहेर वर डोंगरात होतं, ते धरणाच्या पाण्याखाली गेलेलं. त्या दिवशी संध्याकाळी त्यांनी जिन्यावरून जेवणाचं ताट वर पाठवलं, आणि दुसऱ्या दिवशी सगळ्या आळीला माहीत झालं की माडीवरच्या गोऱ्या पोराचं घर धरणात गेलंय.

खरं काय ते मला त्यांनी सावकाशीने, तुकड्यातुकड्याने सांगितलं. नव्वदच्या हिवाळ्यात खोऱ्यातल्या हिंदूंना राहणं अशक्य झालं. मूठभर लोक ते. काहींना मारलं, बाकीच्यांना निघून जायला सांगितलं जात होतं. ह्यांचे वडील शाळामास्तर. आई, वडील आणि हे, तिघं एका ट्रकमध्ये बसून निघाले आणि जम्मूला तंबूत येऊन पडले. दोन उन्हाळे तंबूत. मग विस्थापितांच्या मुलांसाठी महाराष्ट्रात कॉलेजच्या जागा निघाल्या, त्यातून हे आकुर्डीला आले, आणि पुढे नोकरीत जम बसल्यावर आईवडिलांनाही चाकणला घेऊन आले. एवढंच. ह्यापलीकडे ते सांगायचे नाहीत, आणि मी विचारायची नाही.

तर धरणाची गोष्ट. पुढे कधीतरी धरणग्रस्तांचा मोर्चा निघाला, पुण्याला कलेक्टर कचेरीवर. हौसाबाई म्हणाल्या, तुमी बी चला. आणि हा माणूस गेला! हातात फलक घेऊन नऊवारीतल्या बायांच्या मधोमध हा तांबडागोरा सहा फुटी तरुण चालतोय, आणि पुढाऱ्याने माइकवरून जाहीर केलंय, "आपल्याला काश्मीरच्या धरणग्रस्तांचाही पाठिंबा आहे!" टाळ्या. हे सांगताना मट्टूसाहेब स्वतःच इतके हसायचे की डब्यातली भाकरी हातात तशीच राहायची.

मी विचारलं, "अहो, पण तोवर तुम्हाला धरण म्हणजे काय ते कळलं होतं ना? मग सांगून टाकायचं नाही का?"

"काय सांगनार ताई? ती बाई माझ्यासाठी कलेक्टरशी भांडत व्हती. आमच्यासाठी त्याच्या आधी कुनी भांडलंच न्हवतं. तिला म्हनू, थांब, तुझं चुकलं?"

हौसाबाई गेल्या तोपर्यंत त्यांना हेच ठाऊक होतं. तिरडीला खांदा द्यायला मट्टूसाहेब होते.

तुम्हाला वाटेल, फार साधुपुरुष होते. कसले! हट्टी म्हणजे हट्टी. टूलरूमचा एसी त्यांना चालायचा नाही, म्हणून उन्हाळ्यात खिडकी उघडायचे आणि बाकीचे घामाने निथळायचे. कुणाचं कौतुक म्हणून करायचे नाहीत. एखाद्याने जीव ओतून काम केलं तर म्हणायचे, "हां. पुढं?" बस्स. त्यांच्या हाताखालची पोरं म्हणायची, साहेबांनी 'हां' जरा लांबवलं की समजायचं, पोटभर कौतुक झालं. एकदा मला घरी बोलावून मिठाचा चहा पाजला. गुलाबी दिसत होता म्हणून मी मोठा घोट घेतला. थुंकायची सोय नव्हती, त्यांची आई समोर बसली होती. गिळला. आई प्रसन्न हसली आणि कप पुन्हा भरला. मट्टूसाहेब भिंतीकडे तोंड करून खांदे हलवत होते. अशा माणसाला काय म्हणावं?

त्यांचा दुसरा हट्ट जत्रेचा. टूलरूममध्ये कुणी सातारचा, कुणी बीडचा, कुणी जुन्नरचा. प्रत्येकाच्या गावची जत्रा कधी असते ते मट्टूसाहेबांना तोंडपाठ. डिलिव्हरी कितीही तोंडावर असो, ज्याची जत्रा त्याला सुट्टी. एखादा पोरगा ओव्हरटाइमच्या लोभाने 'नको साहेब, ह्या वर्षी राहू दे' म्हणाला तर भडकायचे. "राहू दे म्हंजी? गाव जागेवर हाय ना? मंग जायचं!" चैत्रात टूलरूम निम्मी रिकामी. प्रॉडक्शनवाले माझ्याकडे तक्रार घेऊन यायचे, मी ती घेऊन मट्टूसाहेबांकडे जायची आणि माझ्या माहेरच्या जत्रेची चौकशी ऐकून परत यायची. शेवटी मीच दोन दिवस रजा टाकून माहेरी, लातूरकडे, जाऊन आले. आईला वाटलं, काही बिनसलं की काय.

काश्मीरला फिरून आलेला प्रत्येक जण त्यांना फोटो दाखवायला यायचा. "सर, तुमचं गाव बघून आलो!" डिस्पॅचचा पाटील लग्नानंतर जाऊन आला. त्याने मोबाइल पुढे केला. शिकाऱ्याच्या नावेत पाटील, बर्फात पाटील आणि वहिनी, वहिनींच्या डोक्याला तो काश्मिरी दागिना. मट्टूसाहेबांनी चष्मा लावला आणि एकेक फोटो मोठा करून बघितला. पाटील आणि वहिनी बाजूला सरकवून मागचं बघत होते. रस्ता, दुकानाची पाटी, एक पूल. मग मोबाइल परत देत म्हणाले, "वहिनींना थंडी बाधली न्हाई ना?" पाटील खूश होऊन गेला. मट्टूसाहेबांनी त्या दिवशी डबा उघडला नाही.

पण त्यांच्या दुःखावर कुणी स्वतःचं भांडण शेकायला आलं तर मात्र त्यांना खपायचं नाही. कँटीनमध्ये एकाने सुरुवात केली, "सर, तुम्ही एकदा सगळ्यांना सांगाच, त्या लोकांनी काय काय केलं ते." मट्टूसाहेब म्हणाले, "ज्यांनी केलं त्यांनी केलं, आन् ज्याचं गेलं त्याचं गेलं. तुझं काय दुखतंय?" आणि वाटी पुढे करून पॉलिशिंगच्या शेखभाईंकडून लोणचं मागून घेतलं. विषय तिथे संपला.

शिकवताना बघावं त्यांना. नवा पोरगा मशीनवर उभा केला की हे त्याच्या डाव्या बाजूला, दोन्ही हात पँटच्या खिशात. हात बाहेर काढायचेच नाहीत. पोरगा चुकायला लागला तरी नाही. बोटाला इजा व्हायची वेळ आली तरच त्यांचा हात स्विचवर जायचा, एरवी चुकू द्यायचे. "चुकल्यावर त्योच मान वर करून बघतो," ते म्हणायचे. "त्यानं बघितल्याशिवाय सांगायचं कशाला? ऐकनार कोन?" टूलरूममध्ये तयार झालेली त्यांची पोरं आज तळेगावपासून रांजणगावपर्यंत कुठल्या कुठल्या कंपन्यांत साहेब आहेत, आणि ती सगळी खिशात हात घालून उभी राहतात.

आणि मग आमच्या मॅनेजमेंटने ठरवलं की टूलरूम उचलून पार बंगळूरपलीकडे, होसूरच्या नव्या प्लांटला न्यायची.

ह्यात कुणाचा दोष नव्हता. होसूरला जागा मोठी, मशिनी नव्या. माणसांना बढती, राहायला क्वार्टर, मुलांच्या शाळेची सोय. मट्टूसाहेबांना तर थेट दोन पायऱ्या वरची जागा दिली होती. हे सगळं सांगायचं काम अर्थात माझ्या गळ्यात. मी अगदी तयारी करून, चांगलं चांगलं आधी बोलून, त्यांच्यापुढे बसले. त्यांनी सगळं ऐकलं.

"न्हाई," ते म्हणाले.

"अहो, नीट विचार तरी करा. घरी सरलावहिनींशी बोला."

"ताई, सामान एकदा बांधलं. आता बांधनार न्हाई." मग म्हणाले, "आई हितं गेली. दिवाळीच्या आधी आळंदीला अस्थी सोडल्या तिच्या. वडलांच्या बी तिथंच. गाव सुटल्यापास्नं आमच्या घरातलं कुनीतरी पहिल्यांदाच एका जागेला ऱ्हायलंय. त्यांना सोडून जाऊ व्हय?"

मी उगाच माझा पेन उघडला, बंद केला.

चाकणला त्यांच्यासाठी दुसरी जागाच नव्हती. फक्त एक सोडून. त्याच सुमाराला कंपनीने 'वर्कप्लेस कोच' नावाच्या जागा काढल्या होत्या. म्हणजे लाइनवर नव्या पोरांच्या शेजारी उभं राहून त्यांना काम शिकवायचं. पद कितीतरी खालचं, पगारही. आणि मुलाखत सगळ्यांना सारखी, कुणाला थेट नेमायचं नाही असा वरून हुकूम. मट्टूसाहेबांनी अर्ज केला. चोपन्न वर्षांचा माणूस, टूलरूमचा साहेब, पेंटशॉपच्या आणि असेंब्लीच्या पोरांबरोबर रांगेत बसणार. जमलं तर चाकण, नाही जमलं तर होसूर नाहीतर घरी. ह्या वयात दुसरी नोकरी कोण देतो? मला त्या आठवड्यात घास गोड लागला नाही.

मुलाखत घ्यायला आम्ही तिघं. आमचे प्लांट हेड साठेसाहेब, ज्यांना हसताना कुणी पाहिलं नव्हतं. मी. आणि हिंजवडीच्या एका सल्लागार कंपनीची रिद्धिमा, तिशीच्या आतली, हुशार, टापटिपीची. तिने एक नवीनच टूम काढली. म्हणे, कोचचा अर्धा कस दारातच लागतो. उमेदवाराने बंद दाराबाहेर उभं राहून टकटक करायची. आतून ती विचारणार, "कौन है?" आणि मग, "क्या लेके आए हैं?" ह्या दोन प्रश्नांना माणूस काय उत्तर देतो त्यावरून म्हणे तो स्वतःकडे कसं बघतो ते कळतं. मग आत येऊन दहा मिनिटं काहीतरी शिकवून दाखवायचं. मी साठेसाहेबांकडे बघितलं. त्यांनी छताकडे बघितलं.

पहिला पेंटशॉपचा गायकवाड. टकटक.

"कौन है?"

"मॅडम, मी गायकवाड. सकाळी नाही का भेटलो?"

"क्या लेके आए हैं?"

"आधार कार्ड, दोन फोटो आन् झेरॉक्स."

मग असेंब्लीची सुनंदा. "कौन है?" "मी." "मी कौन?" "अहो, मीच!" रिद्धिमाला काही कळेना. आपल्याकडे दार वाजवणारा 'मी'च असतो हे तिला समजावून सांगताना माझी पुरेवाट झाली.

मग दोन सावकाश टकटक झाल्या. मट्टूसाहेबांची पाळी.

"कौन है?"

बाहेरून आवाज आला, पण नेहमीचा नाही, एखाद्या लहान मुलासारखा खणखणीत. "राम ब्रोर!"

रिद्धिमाने आमच्याकडे बघितलं. मी खांदे उडवले. तिने नियमाप्रमाणे पुढचं विचारलं, "क्या लेके आए हैं?"

आणि दाराबाहेरून, पाढा म्हणावा तसं एका दमात, "अन्न ह्यथ, धन ह्यथ, ओरझुव ह्यथ, दोरकोठ ह्यथ..." आणि आवाज एकदम थांबला.

दार उघडायचं काम माझं होतं. मी उघडलं. मट्टूसाहेब इस्त्रीच्या शर्टात उभे होते, आणि माझ्याकडे नाही, खाली, माझ्या खांद्याच्याही खाली बघत होते. त्यांची आई तेवढीच होती उंचीला. त्यांचा चेहरा मला बघवला नाही.

आत येऊन बसले, पाणी मागितलं. अर्धा ग्लास प्यायले. मग रिद्धिमाला म्हणाले, माफ करा, तोंडातून निघून गेलं. आणि सांगितलं. त्यांच्यात शिवरात्रीचा मोठा सण. घागरीत अक्रोड भिजवून पूजा करतात, आणि शेवटच्या दिवशी घरातला पुरुष ती घागर नदीवर नेऊन रिकामी करून येतो. परत आला की दार बंद असतं. त्याने दार वाजवायचं. आतून घरची बाई विचारते, कोण आहे? तो म्हणतो, राम ब्रोर, म्हणजे रामाचं मांजर. (हे मांजर कुठून आलं ते त्यांनाही धड सांगता आलं नाही.) मग आतून, काय घेऊन आलास? तो सांगतो, अन्न आणलंय, धन आणलंय, निरोगी जीव आणलाय, भक्कम गुडघे आणलेत. मग दार उघडतात. जम्मूच्या तंबूला दार नव्हतं, तेव्हा आई कापड धरून बसायची आणि वडील बाहेरून नुसतं तोंडाने 'टकटक' म्हणायचे. वडील गेल्यावर बाहेर हे आणि आत आई. शेवटी शेवटी आईचे पाय चालेनासे झाले तरी दारामागे स्टूल टाकून बसायची, पण विचारायची तीच. ह्या वर्षी आई गेलेली, म्हणून सण नव्हता. मागच्या महिन्यात तो दिवस येऊन गेला आणि कुणी काही विचारलं नाही.

"आन् आज तुमी विचारलं," ते म्हणाले.

मी सरळ रुमाल काढला. लाज कसली त्यात?

रिद्धिमा हळूच म्हणाली, "सर, हम किसी और दिन कर लेंगे." पण मला तिच्या कागदावरची नकाराची खूण दिसत होती. ती भल्या मनाची पोर होती, पण तिला वाटत होतं, हा माणूस आता शिकवण्याच्या अवस्थेत नाही, आणि त्या पदासाठी तो मुळात फारच मोठा आहे. आणि तो 'दुसरा दिवस' येणार नव्हता. यादी उद्या सकाळीच वर जायची होती.

मट्टूसाहेबांनी ग्लास खाली ठेवला. "धा मिन्टं कायतरी शिकवून दाखवायचंय ना? मंग ह्येच शिकवतो. सण करायचा न्हाई ह्या वर्षी, शिकवायला कुनाची ना हाय? साठेसाहेब, तुमी भाईर जा."

साठेसाहेबांना 'बाहेर जा' म्हणणारा माणूस आमच्या कंपनीने तोवर बघितला नव्हता. ते उठले आणि गेले. रिद्धिमाला दाराच्या आत उभं केलं, दोन्ही प्रश्न काश्मिरीत एकदा सांगितले, दारातूनच साठेसाहेबांना उत्तरं एकदा सांगितली, आणि हे दोन्ही हात खिशात घालून भिंतीला टेकून उभे राहिले.

धाडधाड! पोलिसांनी वाजवावं तसं दार वाजलं.

"कुस छु?" रिद्धिमा.

"साठे!"

बाहेर बाकड्यावर बसलेल्यांत खसखस पिकली. मट्टूसाहेब म्हणाले, "हां. पुढं?" आणि गप्प. साठेसाहेबांची चूक त्यांची त्यांनाच कळली. पुन्हा टकटक, जरा हळू.

"कुस छु?"

"राम... राम राम!"

आता बाहेर उघड हसणं. रिद्धिमाही तोंड दाबून हसत होती. मट्टूसाहेब जागचे हलले नाहीत, ओठ मुडपून वाट बघत राहिले. तिसऱ्या वेळेला 'राम ब्रोर' बरोबर आला. 'क्या ह्यथ?' झालं. "अन्न ह्यथ, धन ह्यथ..." आणि गाडी अडकली. मला राहवेना, मी तोंड उघडणार तेवढ्यात मट्टूसाहेबांनी नुसती मान हलवून मला गप्प केलं. आणि मग बाहेरून गायकवाड आणि सुनंदा एका सुरात ओरडले, "ओरझुव! साहेब, ओरझुव!"

"ओरझुव ह्यथ, दोरकोठ ह्यथ!" साठेसाहेब गरजले. रिद्धिमाने दार उघडलं, आणि साठेसाहेब आत आले ते हसत. खरंच हसत, दात दिसत होते. मागे सगळे उमेदवार माना उंचावून उभे. "भक्कम गुडघे मागता होय तुम्ही लोक?" साठेसाहेब स्वतःच्या गुडघ्यावर हात ठेवून म्हणाले. "फार शहाणा सण आहे."

"हां," मट्टूसाहेब म्हणाले, आणि 'हां' चांगलंच लांबवलं.

ते गेल्यावर आम्ही तिघं बसलो. रिद्धिमा म्हणाली, इतका सीनियर माणूस, उद्या आपल्याच हाताखाली शिकलेल्याला रिपोर्ट करेल का? साठेसाहेबांनी तिचं पूर्ण ऐकून घेतलं. मग म्हणाले, "करेल का ते मला माहीत नाही. पण बाहेर बसलेल्या सगळ्यांना ते पाठ झालंय, आणि त्यांना तर कुणी शिकवलंच नव्हतं." रिद्धिमाने आपली खूण खोडली. तिनेच खोडली, मी काही बोलले नाही.

असे मट्टूसाहेब कोच झाले. टूलरूम ट्रकांत भरून होसूरला गेली आणि मट्टूसाहेब असेंब्ली लाइनवर पोरांच्या डाव्या हाताला उभे राहिले. रिपोर्टिंग खरंच त्यांच्या एका जुन्या शिष्याला होतं. तो बिचारा पहिले कित्येक दिवस त्यांना बघून उभाच राहायचा. "बस की लेका," हे म्हणायचे, "तुझी खुर्ची हाय ती." सरलावहिनी म्हणाल्या, पगार कमी झाला पण माणूस घरी येऊन शीळ घालतो.

आणि मग गंमत बघा. दुसऱ्यांची सामानं बांधायला लावणारी मी, माझीच होसूरला बदली झाली. नाही म्हणायला माझ्याकडे काही कारण नव्हतं. नवऱ्याचं काम घरून चालतं, मुलगी बंगळूरला शिकते, उलट जवळच पडणार. तरी चिंचवडचं घर रिकामं करताना माझा जीव नुसता कासावीस झाला होता.

निघायचा दिवस रविवार. ट्रकमध्ये शेवटचं कपाट चढत होतं तेव्हा मट्टूसाहेब आणि सरलावहिनी चाकणहून आले. हातात वाटेत खायचा डबा. सोसायटीतले सगळे खाली जमले होते. शेजारच्या काकूंनी हातावर दही दिलं, कुणी पाण्याच्या बाटल्या दिल्या, वॉचमनने माझ्या तुळशीची कुंडी सांभाळायचं कबूल केलं. मट्टूसाहेब एका बाजूला उभे राहून हे सगळं बघत होते. 

गाडीत बसताना मी आपल्या रिवाजाप्रमाणे म्हणाले, "येते हं, साहेब."

ते खिडकीशी वाकले. "ताई, आमी निघालो ना, तवा आळीत समदी दारं बंद व्हती. भीतीनं असतील, त्यांना बी भीती व्हतीच. आई दार ओढून घेताना 'येतो' म्हनायला वळली, आन् म्हनायला समोर कुनीच न्हवतं. ती त्ये मरेस्तोवर बोलून दाखवायची. घर ग्येलं, सामान ग्येलं, त्येचं न्हाई. 'येतो' म्हनायचं ऱ्हाऊन ग्येलं म्हनायची." त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला, माझ्या वडिलांनी ठेवावा तसा. "तुमी म्हनालात, बरं वाटलं. या. कवाबी या. आमी हितंच हाय."

मला रडू आवरलं नाही आणि मी आवरायचा प्रयत्नही केला नाही. गाडी निघाली. मी मागे वळून बघितलं. बाकीचे लोक हात हलवून हळूहळू फाटकाकडे वळले होते. मट्टूसाहेब मात्र आमच्या मागे मागे चालत पार मुख्य रस्त्यापर्यंत आले होते, आणि कडेला रिक्षावाला हॉर्न वाजवत होता तरी तिथून हलले नाहीत. आम्ही वळलो तेव्हाही ते उभेच होते.